शिवेपलीकडचे सुतक

दसऱ्याचे तरंग सजवण्याआधी राऊळात मानकऱ्यांना एक प्रश्न विचारण्याची रीत होती : घरात सोयर किंवा सुतक आहे काय? असेल त्याने तरंगाला हात लावायचा नसे. गावकर, म्हणजे गावाचे मुख्य मानकरी, हरिश्चंद्र परब एकेकाला विचारत गेले आणि जो तो 'नाय' म्हणत गेला. सत्यवानापाशी आल्यावर त्यांनी केवळ रीत म्हणून विचारले. सत्यवानाचे वडील, अप्पा, पावसाळ्यात अर्धांगवायूने अंथरुणाला खिळले होते. देवीचा तरंग, म्हणजे साडी नेसवलेली उंच काठी, यंदा प्रथमच त्यांच्या जागी सत्यवानाने धरायचा होता. त्यासाठीच तो घाटावरच्या तुरुंगातल्या शिपायाच्या नोकरीतून रजा घेऊन चार दिवस गावी आला होता.

"माका आसा," सत्यवान म्हणाला.

भावकीत कोणी गेलेले नव्हते, हे सगळ्यांना ठाऊक होते. कोणाचे सुतक, असे गावकरांनी विचारले.

"महादू म्हणान एक होतो. आमच्यातलो नाय. गेल्या सोमवारी माझ्या हातान गेलो."

"बंदुकीक तेल लावताना उडली काय रे?" भिकाजी म्हणाला. तोही मानकरीच. दोघे-तिघे हसले. सत्यवान हसला नाही, तेव्हा तेही थांबले.

मग त्याने सांगितले. तुरुंगातला फाशी देणारा म्हातारा कधीच निवृत्त झाला होता आणि त्या जागेवर दुसरा कोणी आला नव्हता. महादूचा दयेचा अर्ज दिल्लीहून नामंजूर होऊन आला, तेव्हा साहेबांनी शिपायांना बोलावून हे काम कोण करील, असे विचारले. कोणी हात वर केला नाही. सत्यवानाची फाशीच्या कैद्यांच्या आवारात नेमणूक होती, आणि अप्पांच्या आजाराचे कारण देऊन त्याने केलेला रजेचा अर्ज साहेबांच्या टेबलावर होता. साहेब वाईट नव्हते. हे काम उरकले की जा, एवढेच ते म्हणाले. सत्यवानाने होकार दिला नाही; नकारही दिला नाही.

महादूवर त्याने वर्षभर पहारा केला होता. महादूच्या तोंडाला चव नसे, म्हणून गावाहून आणलेली आमसुले तो त्याला गजांतून देई. महादू ती गालात धरून बसे आणि तुमच्याकडचा समुद्र कसा असतो, हे पुन्हा पुन्हा विचारी. शेवटच्या सकाळी, तोंडावर काळी टोपी ओढण्यापूर्वी, तो सत्यवानाकडे वळून म्हणाला, "दादा, मी नव्हतो तिथं. तुला म्हणून सांगतो."

सगळेच असे सांगतात, असे साहेब नंतर म्हणाले. न्यायाधीशांनी तपासले होते, वरच्या न्यायालयानेही तपासले होते. प्रत्येकाने आपापले काम केले आणि कागद पुढे सरकवला. सर्वांत शेवटी एक लोखंडी खटका होता, आणि तो सत्यवानाने ओढला होता.

 भिकाजीने म्हाताऱ्यांकडून ऐकलेले सांगितले : पूर्वी फाशी देणाऱ्याचे घर गावाच्या शिवेबाहेर असे आणि त्याच्या हातचे पाणी कोणी घेत नसे. आता त्याच्या आवाजात थट्टा नव्हती. हरिश्चंद्रांनी हात वर करून त्याला थांबवले. दोष आहे की नाही हे माणसांनी ठरवायचे नाही, देवीला कौल लावू, असे ते म्हणाले.

"काका, कौल लावा," सत्यवान म्हणाला. "पण दोषाचां नको. एकच इचारा. तो खरां बोललो काय?"

हरिश्चंद्रांनी व्हाळाच्या, म्हणजे शिवेवरच्या ओढ्याच्या, दिशेने हात केला.

"घाटावरचो माणूस, घाटावरचो गुन्हो. आमच्या देवीची शीव व्हाळापर्यंत. पलीकडचां इचारूचो आमका हक्क नाय."

"माझो हात शिवेच्या आत आसा मां?"

"म्हणान हाताचां इचारतंय," ते हळू आवाजात म्हणाले. "बाबा, तेच्या पलीकडचां माझ्याकडे मागू नको."

देवीच्या पाषाणावर दोन ओल्या पाकळ्या चिकटवल्या गेल्या. उजवी आधी पडली तर दोष नाही, डावी पडली तर आहे. हरिश्चंद्रांनी गाऱ्हाणे घातले. पोराच्या हातून सरकारी हुकमाने एक जीव गेला, तो तू पदरात घे, तरंग धरायला त्याला मोकळा कर. प्रत्येक वाक्यावर मानकरी 'होय म्हाराजा' म्हणत होते. सत्यवान पाकळ्यांकडे पाहत राहिला.

उजवी पडली.

सर्वांना हायसे वाटले. भिकाजीने त्याच्या पाठीवर थाप मारली आणि "सुटलंस मेल्या," म्हणाला. मघाचे आपले बोलणे त्याला बहुधा टोचत होते. हरिश्चंद्रांनी दुसरी पाकळी बोटाने काढली आणि ओल्या पंच्याने पाषाण पुसून घेतला. आता विचारण्यासारखे तिथे काही उरले नव्हते.

बातमी सत्यवानाच्या आधी घरी पोचली होती. अप्पांना बोलता येत नव्हते. चालत्या डाव्या हाताने त्यांनी मुलाचा उजवा हात ओढून आपल्या कपाळाला लावला. सत्यवानाला तो सोडवून घ्यावासा वाटला. पण म्हाताऱ्याची पकड घट्ट होती आणि डोळ्यांतून पाणी येत होते. दारात उभी असलेली सत्यवानाची बायको दुर्गा म्हणाली, "देवीन सांगल्यान. आता तरी दोन घास जेवशात मां?"

तो जेवला. महादूला कौल मिळालेला नाही, हे तिला सांगावे असे त्याच्या ओठांवर आले होते. पण तिने खूप दिवसांनी भाकरी मनापासून थापली होती.

दसऱ्याला तरंग निघाले. ढोल-ताशांमागून गाव चालत व्हाळापर्यंत आला. तिथे शिवेचा दगड होता. देवी तिथे थांबून गाऱ्हाणे ऐकते आणि माघारी फिरते. व्हाळाचे पाणी घोट्याएवढेच होते. पलीकडून लाल रस्ता घाटाच्या दिशेने गेला होता. सत्यवान दगडापाशी उभा राहिला. दोन पावले टाकली तर देवी शिवेपलीकडे जाईल, असा विचार त्याच्या मनात आला. आणि मग तिथे तिला विचारणार कोण?

त्याचे हात कापू लागले. काठी हलली, साडीच्या निऱ्या थरथरल्या, वरची चांदीची मूठ किणकिणली.

"देवी इली," मागून कोणीतरी म्हणाले.

ढोल थांबले. देवी अंगात आली असे समजून माणसे ओणवी झाली. एका बाईने तापाने फणफणलेले मूल पुढे आणून त्याच्या पायांशी ठेवले आणि हे बरे होईल काय, असे ती विचारू लागली. हे माझे हात आहेत, देवी नाही, असे सांगण्यासाठी सत्यवानाने तोंड उघडले. सगळा गाव त्याच्या ओठांकडे पाहत होता. त्याने तोंड मिटले. भिकाजी मान खाली घालून 'होय म्हाराजा' म्हणाला, आणि त्याच्यामागून सारे म्हणाले.

हरिश्चंद्र तेवढे ओणवले नव्हते. त्यांनी जवळ येऊन त्याच्या कोपराला धरले.

"फिर रे बाबा," ते म्हणाले. "हयसून फुडे नाय."