चार दिवस वेनेत्स्या

"वेनेत्स्याला? चार दिवस?" सूपचा चमचा हवेतच धरून माझा भाऊ लेशेक म्हणाला. "चार दिवस तिथं करणार काय, इंजिनं पुसणार?"

मला आधी कळेचना. इंजिनं कुठली? मग डोक्यात प्रकाश पडला. इटलीतल्या व्हेनिसला आम्ही पोलिश लोक वेनेत्स्या म्हणतो, आणि आमच्या मोगिल्नोहून गाडीनं जेमतेम अर्ध्या तासावर त्याच नावाचं एक खेडंही आहे. तळी, पडका किल्ला आणि जुन्या छोट्या आगगाड्यांचं संग्रहालय. शाळेच्या सहली तिथं जातात. मी सांगत होते एका गावाचं आणि लेशेकला दिसत होतं दुसरंच.

खुलासा करायला मी तोंड उघडलं. तेवढ्यात ग्राझिना, माझी भावजय, म्हणाली, "जाऊ दे की रे तिला. तळ्याकाठी हवा बरी असते." आणि ती बटाटे वाढायला लागली. "मीही येते" असं काही ती म्हणाली नाही. मी उघडलेलं तोंड मिटून घेतलं.

याला कारण प्राग. आईचं आजारपण संपल्यावर मी ठरवलं होतं, आता एकटीनं कुठंतरी जायचं. "एकटी? वेडी की काय!" म्हणत ग्राझिना निघाली. ती निघाली म्हणून तिची आई निघाली, आणि आईबरोबर आईचे गुडघे. सगळी सहल हॉटेलखालच्या दुकानांत बसून संपली. तो प्रसिद्ध जुना पूल मी बसच्या काचेतून पाहिला, तोही परत येताना. मी दवाखान्यात मोडलेल्या हातापायांना प्लास्टर घालते. आयुष्यभर लोकांना "हलू नका" म्हणत आले, पण ते म्हणजे काय, हे मला प्रागमध्ये कळलं.

म्हणून या वेळी कुणी सोबत नको होतं. प्लास्टरच्या खोलीतल्या कॅलेंडरवर एक चित्र आहे. मोठ्या पलंगावर एक बाई एकटी झोपली आहे, खोली नीट आवरलेली, दारात देवदूत उभा, आणि तोसुद्धा तिला उठवत नाही. ते चित्र व्हेनिसमध्ये आहे. मला त्याच्यासमोर वाटेल तितका वेळ उभं राहायचं होतं, आणि मागून कुणी "झालं का?" म्हणायला नको होतं.

तिकीट काढलं, खोली ठरवली. पहिला आठवडा सुखाचा गेला. मग मदत सुरू झाली. आमच्या घरात एक वेळ आजारपण चुकवता येईल, मदत नाही.

"माझ्या मावसबहिणीची खोली आहे तिथं, तळ्यासमोरच," ग्राझिनाचा फोन. "सांगून ठेवलंय तिला."

"नको गं, माझी सोय झालीय."

"कुठं? तिथं दुसरी जागाच नाही!"

"आहे एक."

"महाग असेल."

"आहे."

"लुबाडतात मेले! रद्द कर आधी."

दिवसाआड हेच. शिवाय लोणच्यातल्या अळंब्यांची बरणी आली, वर निरोप की तिथं खायला काही मिळत नाही.

दवाखान्यात रजेचं सांगितलं तर मोठी सिस्टर योलांता हसायलाच लागली. "अहो बोझेनाबाई, वेनेत्स्याला रजा काढून? लोक रविवारी दुपारचे जाऊन येतात!"

"चित्रं बघायची आहेत."

"चित्रं पण ठेवलीत आता? इंजिनांची?"

त्या दिवशी मात्र माझं डोकं फिरलं. तोवर मी लपवत होते, आता मला वाटायला लागलं, कुणीतरी एकदा तरी विचारावं की कुठली वेनेत्स्या? इटालियन बोलायला शिकवणारं पुस्तक मी मुद्दाम टेबलावर उघडं टाकलं. योलांतानं त्यावर कॉफीचा कप ठेवला. अख्ख्या गावात एकाच्याही, अगदी एकाच्याही मनात आलं नाही की बोझेना तिकडं जाईल. मला फार वाईट वाटलं. प्रागला तर निदान "वेडी" तरी म्हणाले होते.

निघायच्या सकाळी लेशेक न सांगता गाडी घेऊन दारात हजर. "बसनं कशाला जातेस? मी सोडतो की." माझं काही ऐकायच्या आत बॅग डिकीत गेली. गावाबाहेरच्या फाट्यावर त्यानं उजव्या वळणाचा दिवा लावला.

"डावीकडं घे," मी म्हणाले. "पोझनानला."

"तिकडून कशाला?"

"विमान तिकडून आहे."

त्यानं गाडी कडेला घेतली. दिवा टकटक वाजत राहिला.

"म्हणजे ती... खरी वेनेत्स्या?"

"इटलीतली."

"एकटी?"

"एकटी."

"अगं बोझेन्का, मग आम्हाला सांगायचं तरी!"

"सांगितलं होतं, लेशेक. जेवताना, सगळ्यांसमोर."

"मला वाटलं..." तो म्हणाला. त्याचे कान लाल झाले. मग त्यानं गाडी डावीकडं घातली. वाटेत ग्राझिनाचा फोन आला, पोचली का म्हणून. "नाही अजून," तो म्हणाला. "लांब आहे." आणि फोन ठेवून दिला.

विमानतळावर माझी बॅग त्यानं हातातून सोडली नाही. रांगेत शेवटपर्यंत मागे उभा राहिला.

"कुठं?" काउंटरवरच्या मुलीनं विचारलं.

"वेनेत्स्या," मी म्हणाले.

तिनं मान वर न करता बॅगेला पट्टी लावली आणि बॅग पुढं ढकलली. तिला दुसरं कुठलं गाव सुचलंच नाही. माझे डोळे एकदम भरून आले. मागून कुणीतरी घाई करत होतं, तरी मी तशीच उभी राहिले.