एकमेकींना पाण्यात पाहताना

फायनलमध्ये आठ जणी पोहतात. मी नववी. पन्नास मीटर फ्रीस्टाइल, तेरा वर्षांत चार मोठ्या आंतरराष्ट्रीय स्पर्धा, आणि चारही वेळा नववी. नववीला सुखानं घरीही जाता येत नाही, हे लोकांना माहीत नसतं. ती राखीव असते. टोपी-गॉगल चढवून खुर्चीत बसायचं आणि आठांतल्या एकीचं तरी पोट बिघडावं म्हणून देव पाण्यात घालायचे. इतकी ठणठणीत माणसं मी दुसरीकडे कुठे पाहिली नाहीत. भावानं तर माझं नावच ‘नाकी नऊ’ ठेवलंय.

मला शिकवते माझी सख्खी मावशी. घरी मावशी, तलावावर मॅडम. चुकून मावशी म्हटलं की दोनशे मीटर जास्तीचे. ही पाचवी स्पर्धा शेवटची, हे आम्ही दोघींनी ठरवून टाकलं होतं. मला बत्तिसावं संपत आलेलं, उजवा खांदा कुरकुरणारा. पदकाची हाव नव्हती. एकदा, फक्त एकदा, त्या आठ जणींत उभं राहायचं होतं.

सकाळी उपांत्य फेरी झाली आणि बोर्डावर माझ्या नावापुढे आठ लागला. मी मावशीला मिठी मारायला धावले, तर ती चष्मा पुसत होती.

“खाली बघ,” ती म्हणाली.

खाली आणखी एक आठ होता. कुठल्याशा देशाची सतरा वर्षांची पोरगी. वेळ तीच, सेकंदाच्या शंभराव्या भागापर्यंत. अशा वेळी दोघींनाच पुन्हा पोहायला लावतात, त्याला स्विम-ऑफ म्हणतात. जिंकेल ती आठवी. हरेल ती कितवी, हे मी सांगायला नको.

दुपारी एवढ्या मोठ्या तलावात आम्ही दोघीच, शेजारशेजारच्या लेनमध्ये. प्रेक्षक जेवायला गेलेले. काठावरची फरशी पुसणारी बाई तेवढी मॉप धरून बघत उभी राहिली. पन्नास मीटरमध्ये मी एकदाच श्वास घेते, पस्तिसाव्या मीटरला. या वेळी तो घेताना मान जरा जास्तच वळवली, पोरगी कुठवर आलीय ते बघायला. बघते तर काय, तीही मान वळवून माझ्याकडेच बघत होती. दोन उघडी तोंडं, चार डोळे. भिंतीला हात लागले तेव्हा बोर्डावर पुन्हा दोघींची वेळ एकच.

“एकमेकींना पाण्यात बघत होतात,” मावशी वरून म्हणाली.

“मॅडम, माझ्या मनात तिच्याबद्दल तसलं काही नाहीये.”

“अगं, मी खरोखरच्या बघण्याबद्दल बोलतेय. मान वळवलीस तिथे वेळ गेला. तिचाही तेवढाच गेला म्हणून वाचलीस.”

मनात तसलं काही नाही, ही थापच होती. सकाळपासून मला त्या पोरीचा राग येत होता. हिच्यापुढे अख्खं आयुष्य पडलंय, हिनं माझ्याच तोंडचा घास कशाला पळवावा? ती बाकावर बसून केळं खात होती. आम्हाला एकमेकींची भाषा येत नव्हती. तिनं माझ्याकडे पाहिलं, केळ्याचे दोन तुकडे केले आणि एक माझ्यापुढे धरला. मी घेतला. राग सगळा नाही, पण बराचसा केळ्याबरोबर गिळला.

तासाभरानं पुन्हा शर्यत.

“आता श्वासच घेऊ नकोस,” मावशी म्हणाली.

“अख्खे पन्नास मीटर? मावशी, मरेन मी.”

“पंचवीस सेकंदांत कुणी मरत नाही. आणि मावशी म्हणालीस त्याचे दोनशे मीटर घरी गेल्यावर.”

वीस वर्षांत असं मी कधी केलं नव्हतं. तिसाव्या मीटरला छाती म्हणाली, बास. चाळिसाव्याला ती ओरडायलाच लागली. मी मान खाली घालून हात मारत राहिले. बोटं भिंतीला आपटली आणि डोळ्यांपुढे काजवे चमकले. काजवे विझल्यावर बोर्ड दिसला: मी तीन शतांश सेकंदांनी पुढे. आणि ती वेळ माझ्या आयुष्यातली सगळ्यांत चांगली वेळ होती. मॉपवाली बाई टाळ्या वाजवत होती. पोरगी दोरीखालून माझ्या लेनमध्ये आली आणि गळ्यात पडून रडली. मला तिचं फार वाईट वाटलं, आणि आनंद पोटात मावत नव्हता. दोन्ही खरं.

संध्याकाळी मी आठव्या लेनमागे उभी राहिले. निवेदकानं नाव घेतल्यावर हात हलवला, जरा जास्तच वेळ. राखीव खुर्चीत पोरगी टोपी घालून बसली होती. तिनं कुठले देव पाण्यात घातले असतील, ते मला तोंडपाठ होतं. मग शिट्टी, उडी, आणि खांद्यांत काही म्हणजे काही उरलेलं नव्हतं. सात जणी माझ्या आधी पोचल्या. बोर्डावर नावापुढे आठ बघून मी हसत सुटले.

शेजारच्या लेनमधलीचं पदक थोडक्यात हुकलं होतं, ती रडवेली झाली होती. माझं हसू पाहून तिला माझीच दया आली. हिनं बोर्ड चुकीचा वाचलाय, अशी तिची समजूत झाली असणार. तिनं हळूच बोर्डाकडे बोट दाखवलं आणि मला नीट कळावं म्हणून आठ बोटं वर धरली.

मी मान डोलावली. मग मीही आठ बोटं वर केली आणि वळून मावशीला दाखवली. ती खुर्चीवर चढून उभी होती आणि भोवतालच्या अनोळखी लोकांना एकेकाचा खांदा हलवून सांगत होती, “आठवी आली. माझी भाची आठवी आली.”