रताळ्यांची बाजू

मार्च

"बियाण्याची रताळी फ्रिजमध्ये? किमचीच्या फ्रिजमध्ये?"

"अहो आई, तुम्हीच म्हणालात ना, जिवापाड जपायचं म्हणून." सून से-रिन दारातच थबकली. "घरात त्याहून चांगली जागा कुठली?"

माल-सुन गुडघ्याचं ऑपरेशन करून अकरा दिवसांनी घरी आली होती. काठी भिंतीला टेकवून तिनं बियाण्याची बारा रताळी मांडली, एकेक अंगठ्यानं दाबलं. टोकं मऊ पडली होती. रताळ्याला गारठा सोसत नाही हे या गावात कुणाला सांगावं लागत नाही. से-रिन शहरातली; कोबीची आंबट किमची जिथं महिनोन्महिने टिकते तिथं रताळीही टिकतील, असं तिला वाटलेलं.

त्याआधीची सेहेचाळीस वर्षं

हे वाण माल-सुनला तिच्या सासूनं दिलेलं. लाल सालीचं, थोडं दोरेदार, बाजारात न मिळणारं. दरवर्षी परसातल्या पिकातली बारा रताळी राखायची. हिवाळाभर खोलीतली गरम बाजू, जिथं जमिनीखालून फिरणारी चुलीची धग जास्त लागते, ती त्यांची. माल-सुन पलीकडे, गार बाजूला निजायची. नवरा होता तोवर म्हणायचा, "रताळ्यांना ऊब आणि नवऱ्याला हुडहुडी! पुढच्या जन्मी रताळंच होतो."

मार्च, अजून

अकरा फेकावी लागली. बारावं मधोमध टणक होतं. माल-सुननं त्याची कुजकी टोकं कापली, राख लावली, ओल्या वाळूच्या डब्यात पुरलं आणि डबा गरम बाजूला ठेवला.

"मला काहीतरी बोला तरी," से-रिन म्हणाली.

"बोलून कोंब फुटत असते तर तुझ्या सासऱ्यांच्या बडबडीनं डोंगर हिरवा झाला असता. पाणी शिंपड."

तेरा दिवस काही नाही. कामावर जाण्याआधी से-रिन रोज वाळूवर हात ठेवायची, तापलेल्या लेकराच्या कपाळावर ठेवावा तसा. चौदाव्या दिवशी ती एवढ्यानं ओरडली की माल-सुन काठी विसरून आली. नखाएवढा, जांभळा कोंब.

जून

"एवढासाच वेल, आई."

"एकाचे चार तुकडे कर, चारांचे सोळा. आडवे लाव. उभे नाही गं, आडवे! निजव त्यांना."

ऑक्टोबर

चौदा रताळी निघाली. सगळी बियाण्याला राखली, खायला एकही नाही. माल-सुननं आयुष्यात पहिल्यांदा बाजारातून रताळी आणली.

"गोड आहेत," ती म्हणाली. मग दुसरा घास चघळत, "नुसतीच गोड."

डिसेंबर

माल-सुनचा मुलगा बोटीवर कामाला गेलेला, घरात सासू-सून दोघीच. दिवेलागणीला से-रिननं टोपली गरम बाजूला ठेवली, वर गोधडी घातली. सासूचं अंथरूण न विचारता गार बाजूला घातलं. शेजारी स्वतःचं.

"तुला गं कशाला गारठा?"

"सरका थोडं."

माल-सुन भिंतीकडे सरकली.