अडुळशाच्या कुंपणापाशी

नातीचं रोज सकाळी उठून तलावाकडे पळणं यमुनाबाईंना मुळीच पसंत नव्हतं. कॉलेजात जाणारी पोरगी सक्करदरा तलावाकाठच्या अडुळशाच्या कुंपणाशी तासभर उभी राहते, आणि पलीकडेच बिनलग्नाच्या कंपाउंडरची खोली. नलूचं लग्न ठरत आलेलं. शेवटी त्या पदर खोचून मागोमाग गेल्या.

नलू एकटीच कुंपणात डोकं खुपसून बसली होती.

"कोणाले पाहून राहिली वं?"

"भुंग्याले, आजी. हे फूल डाव्या-उजव्या अंगानं सारखं आहे, पण वर छप्पर अन् खाली ओटा. भुंगा ओट्यावरच उतरते, मंग छपराखालचा पराग त्याच्या पाठीले लागते अन् दुसऱ्या फुलात नेमक्या जागी पुसला जाते. सदाफुलीसारखं गोल असतं तर तो कुठूनही बसला असता. पराग वाया कमी गेला, म्हणून अशा फुलांचं बी पिढ्यान्‌पिढ्या टिकलं."

यमुनाबाईंनी पलीकडे पाहिलं. दाराला कुलूप, कुलपावर कोळ्याचं जाळं. त्यांचा जीव भांड्यात पडला. त्या बांधावर टेकल्या आणि एक भुंगा पाठीला भुकटी माखून बाहेर येईस्तोवर पाहत राहिल्या.

"तू बिघडली नाहीस वं," त्या म्हणाल्या, "येडी झालीस. येडीले तरी नवरा भेटते."