पुलापलीकडचं दुकान

टॅलो परगण्यात रविवारी दारू विकायला कायद्यानं बंदी होती, आणि ती टिकली होती एल्डन प्रुइटमुळे. बंदी उठवायची की नाही यावर गेल्या वर्षी मतदान झालं, तेव्हा बाप्टिस्ट चर्चचा हा डीकन, म्हणजे पाद्र्याच्या हाताखालचा कारभारी, दारोदार फिरला होता. "आठवड्याचे सहा दिवस पुरत नाहीत का रे तुम्हाला?" असं विचारून त्यानं भल्याभल्यांची तोंडं बंद केली. त्याला स्वतःला मात्र ते पुरत नव्हते. लोका सांगे ब्रह्मज्ञान, दुसरं काय!

दर रविवारी उपासना आटोपली, की "मुलीकडे चक्कर मारून येतो" असं बायकोला सांगून एल्डन नदीचा पूल ओलांडायचा. पलीकडच्या परगण्यात दुपारी बारानंतर विक्री खुली. बारा वाजले की त्या दुकानात टॅलोचं निम्मं चर्च हजर, टायसकट आणि टोप्यांसकट. तिथला रिवाज ठरलेला होता: पुलापलीकडे कुणी कुणाला ओळखायचं नाही. सख्खा भाऊ समोर आला तरी बाटलीवरचं लेबल वाचत राहायचं. झाकली मूठ सव्वा लाखाची.

त्या रविवारी एल्डन बर्बन व्हिस्कीच्या फळीसमोर उभा होता, आणि डॉयल आत आला. गॅरेजवाला डॉयल, दारूपायी मरता मरता वाचलेला. आता एक घोटही घेतलास तर आम्ही काही करू शकणार नाही, असं डॉक्टरांनी त्याला बजावलं होतं. इस्पितळात त्याच्या उशाशी बसून एल्डननंच त्याचा हात हातात घेतला होता. "तल्लफ आली की मला हाक मार," तो म्हणाला होता, "मी कुठंही असलो तरी मार." तेव्हापासून डॉयलनं दारूला हात लावला नव्हता.

डॉयलनं एल्डनला पाहिलं. त्याच्या हातातली बर्बन पाहिली. मग हात लांब करून त्यानं शेजारच्या फळीवरची व्होडका उचलली आणि ती धरून तिथंच उभा राहिला. पैसे द्यायला गेला नाही, की बाहेर पडला नाही. नुसता एल्डनकडे बघत राहिला.

एका हाकेनं काम झालं असतं. हे एल्डनला नंतर सुचलं असं नाही. तेव्हाच, त्याच क्षणी कळलं होतं. पण मागं चर्चमधली दोन माणसं उभी होती. एल्डननं मान वळवली आणि लेबल वाचायला लागला.

मान वर केली तेव्हा डॉयल गेलेला होता. बाटली तिथंच टाकून एल्डन धावत बाहेर आला, तर गाडीही दिसेना. तो तसाच डॉयलच्या घरी गेला.

दार मॅव्हिसनं, डॉयलच्या बायकोनं उघडलं. एल्डनला पाहून तिचा चेहराच खुलला.

"भेटलात ना एकदाचे! बाई गं, जिवात जीव आला. कुठंय तो?"

"घरी नाही आला?"

"घरी कसा येईल? सकाळपासून नुसती तडफड चालली होती त्याची. फोन लावला, तुम्ही उचलला नाहीत. म्हटलं, ब्रदर एल्डन रविवारी मुलीकडे असतात, पुलापलीकडे. जा, त्यांनाच गाठ. तुम्हालाच शोधत गेलाय तो."

म्हणजे दुकानाबाहेर आपली गाडी बघून तो आत आला होता. आपल्यासाठीच आला होता. इथं खोटं बोलता आलं असतं. पण तेवढाही वेळ आता नव्हता.

"भेटला मला," तो म्हणाला. "दारूच्या दुकानात. मी माझी घ्यायला गेलो होतो. त्याच्या हातात बाटली होती."

"मग? काय म्हणालात तुम्ही त्याला?"

"काही नाही. मी... ओळख दाखवली नाही, मॅव्हिस."

ती ओरडेल, निदान रडेल, असं त्याला वाटलं. तिनं खुंटीवरच्या किल्ल्या घेतल्या.

"कुठल्या रस्त्यानं गेला?"

तेही त्यानं पाहिलं नव्हतं.