मोस्किऑनशेठच्या भिंतीवरचा दंडाचा प्याला

मित्रांनो, मी आता जे सांगणार आहे त्यावर तुमच्यापैकी एकाचाही विश्वास बसणार नाही. नका ठेवू. मी एक जुना प्याला आहे, आणि प्याल्याला खोटं बोलून मिळणार काय? खोटं बोलतात ते माझ्यातून पिणारे.

माझा जन्म अथेन्सच्या कुंभारवाड्यातला. मी मातीचा, पसरट, दोन कानांचा. माझ्या अंगावर चिताऱ्याने दोन टपोरे डोळे रंगवले. कोणी मला तोंडाला लावला की त्याचा चेहरा माझ्याआड झाकला जातो आणि समोरच्यांना फक्त माझे डोळे दिसतात. पुष्कळ माणसांच्या चेहऱ्यावर अक्कल दिसते ती तेवढ्याच वेळापुरती.

पुढे गवतात गुंडाळून मला गलबतात चढवला. हातोहात फिरत मी इजिप्तमध्ये, नाईलकाठच्या नौक्रातिस गावी आलो. तोवर माझ्या घडणीचे प्याले जुने गणले जाऊ लागले होते, आणि जुनं म्हटलं की मोस्किऑनशेठ डोळे मिटून विकत घेई. हा खारवलेल्या माशांचा व्यापारी. त्याच्याकडे गोदाम होतं, होड्या होत्या, मिर्तो नावाची खमकी बायको होती. नव्हती ती विद्या. आता विद्या नसली तर शिकावी की नाही? पण शेठला शिकायचं नव्हतं. त्याला विद्वानांच्या पंगतीत बसायचं होतं. म्हणून तो विद्वानांना जेवू घाली. ते काही बोलून हसले की हाही हसे, जरासा उशिरा आणि सगळ्यांपेक्षा मोठ्याने. ते हसणं अंगणापलीकडे बायकांच्या दालनात मिर्तोला रोज ऐकू जाई.

आणि ते विद्वान! मित्रांनो, रिकामा रांजण परवडला. तो निदान वाजवल्याशिवाय वाजत नाही. मी पहिल्यांदा त्यांच्यासमोर आलो तेव्हा "वा, काय जुनं काम!" असं माझं कौतुक झालं. मग मला नेमकं कोणत्या नावाने हाक मारावी यावर वाद सुरू झाला. मशाली विझल्या तरी वाद संपला नाही, आणि माझ्यात मद्याचा एक थेंबही पडला नाही.

त्या घरात विद्वानांनी दोन नियम करून ठेवले होते. पहिला असा, की ताटात आलेल्या पदार्थाचं नाव ज्यात आहे अशी एखाद्या जुन्या कवीची ओळ कोणीतरी म्हटल्याशिवाय त्याला हात लावायचा नाही. दुसरा नियम कोड्यांचा. ज्याला कोडं सुटत नाही त्याने हरलो म्हणायचं आणि मद्यात माशांच्या पिंपातलं खारं पाणी कालवून एका दमात प्यायचं. तो दंडाचा प्याला म्हणजे मी. एरवी मी भिंतीवर खिळ्याला कानाने लटकलेला असे. माझ्या धाकाने भलेभले चळाचळा कापत.

"धाक तुझा नव्हता रे, खाऱ्या पाण्याचा होता," असं इथे माझ्या शेजारी लटकलेली पळी म्हणते आहे. ही काशाची पळी तेव्हा मद्याच्या कुंडात बुडालेली असे. बुडालेल्यांच्या बोलण्याकडे लक्ष देऊ नये.

तर त्या संध्याकाळी फासे टाकून बैठकीचा राजा, म्हणजे सगळ्यांना नियम पाळायला लावणारा, निवडला. दान पडलं बात्राखोसच्या नावावर. हा व्याकरणाचा पंडित. याच्या अंगी विद्येपेक्षा शेठचं अन्नच अधिक लागलेलं. त्याच्या शेजारी वैद्य हेरास. बाकीचे असेच, लोडाला डावं कोपर टेकून पसरलेले.

नाईलमधला मोठा मासा आला. वर जिरं, सभोवार तेल, वाफ निघते आहे. मंचकाखालच्या मांजरीने मिश्या पुसल्या. आणि बात्राखोसने हात वर केला.

"थांबा! आधी ओळ."

एकाने ओळ म्हटली. दुसरा म्हणाला, हा तो मासाच नव्हे. तिसरा म्हणाला, मासा तोच आहे, पण कवी समुद्रकाठचा, त्याला नदीतला मासा काय कळणार? मासा निवला. तेल थिजलं. शेठ बिचारा सकाळपासून गोदामात उभा, पोटात कावळे ओरडत होते. त्याने इकडे पाहिलं, तिकडे पाहिलं, आणि स्वतःच्या घरात, स्वतःच्या ताटातला एक तुकडा चोरासारखा उचलून तोंडात टाकला.

नेमका तेव्हाच बात्राखोस वळला. "शेठ, तुमचं काय मत?"

शेठने न चावताच घास गिळला. काटा घशात आडवा बसला.

तो ताडकन उठला. तोंड उघडलं, आवाज नाही. त्याने घशाकडे बोट दाखवलं, हात हवेत हलवले.

"क्या बात है!" बात्राखोस ओरडला. "शेठ मुकं कोडं घालतायत! आणि शेठ, तुम्ही अजिबात बोलायचं नाही हं. बोललात तर दंड तुम्हालाच!"

"घसा दाखवतायत. सुरई असेल!" एकजण म्हणाला.

"सुरईला हात कुठले? ते पंख आहेत. राजहंस! तो मरताना गातो म्हणतात."

"पण हे गात नाहीयेत."

"मेले कुठेत अजून?"

सगळे हसले. शेठ गुडघ्यांवर आला.

"चेहरा जांभळा करून दाखवला बघा," बात्राखोस म्हणाला. "जांभळा रंग निघतो शिंपल्यातून. उत्तर शिंपला! काय वैद्यबुवा?"

हेरास डोळे बारीक करून बघत होता. "अभिनय मात्र हुबेहूब. घशात काही अडकलेला माणूस अगदी असंच करतो. मी दोघे पाहिलेत."

"मग त्यांचं काय झालं?"

"काय होणार? गेले."

"अरेरे. त्यावर उपाय नाही का?"

"उपायांबद्दल मतभेद आहेत. फळं आली की सविस्तर सांगतो."

मित्रांनो, त्यांच्यातल्या एकाने जरी "मी हरलो" म्हटलं असतं तरी खेळ थांबला असता. पण हरलो म्हणायचं तर माझ्यातलं खारं पाणी प्यावं लागणार. तेव्हा घोटभर पाणी चुकवण्यासाठी, ज्याचं अन्न खाल्लं त्या माणसाला हे दीडशहाणे मरू देत होते.

इतक्यात दारात मिर्तो उभी राहिली. पुरुषांच्या बैठकीत घरची बाई पाऊल टाकत नाही. पण पाहुणे हसले आणि आपला नवरा हसला नाही, असं आजवर कधी झालं नव्हतं. त्या शांततेनेच तिला उठवलं होतं.

"अहो!" ती किंचाळली. "अरे मेल्यांनो, गुदमरतोय तो माणूस!"

"बाई," बात्राखोस म्हणाला, "उत्तर वाईट नाही. पण या खेळात बायकांना घेत नाहीत."

आता पुढचं ऐका. माझं रक्त खवळलं. मी खिळ्यावरून झेप घेतली! सबंध दालन ओलांडलं, बात्राखोसच्या टकलाला वारा घालत गेलो, आणि शेठच्या पाठीत, दोन खांद्यांच्या बरोबर मध्ये असा आदळलो की काटा सुटला तो थेट समोरच्या भिंतीत जाऊन रुतला!

शेठने श्वास घेतला. पहिला शब्द उच्चारला, "पाणी."

"बोलले!" बात्राखोसने टाळी वाजवली. "शेठ हरले! आणा तो दंडाचा प्याला!"

मिर्तोने मग त्यांना वहाणा घालायलासुद्धा थांबू दिलं नाही. अनवाणी पळताना हेरास म्हणत होता की पाठीवर मारणं हा उपाय मूळ त्याचाच. मासा सगळा मांजरीला मिळाला, आणि तिने एकही ओळ न म्हणता तो खाल्ला.

त्या पराक्रमात माझा हा कान गेला. आणि काय बक्षीस मिळालं? एककानी झालो म्हणून मला स्वयंपाकघरातल्या या फळीवर टाकला. आता माझ्यात मीठ ठेवतात. म्हणून मित्रांनो, जुन्या भांड्यांना जपा, त्यांना हलक्या हाताने धुवा, उंचावर मानाने ठेवा. विद्वानांना जपायची गरज नाही. जिथे फुकटचं जेवण आहे तिथे ते तणासारखे आपोआप उगवतात. पण वेळेला धावून येतो तो माझ्यासारखा—

"बास कर, मेल्या!" पळी खणखणली. "पाठीत गुद्दे घातले ते मिर्तोबाईंनी, दोन्ही हातांनी. तू खिळ्यावर गपगार लटकला होतास. आणि कान गेला तो दुसऱ्या दिवशी, तुला घासायला काढून ठेवलं होतं, तिथं त्या मांजरीनं माशांच्या वासानं चाटता चाटता खाली पाडलं तेव्हा!"