जनाबाईचे धवळे

मानपाडा रोडवरच्या नाथाशेठच्या दुकानात कांता कॉम्प्युटर दुरुस्त करायची. अठ्ठ्याण्णव साली डोंबिवलीत हे काम बाई करते म्हटल्यावर गिऱ्हाईक आधी शेठला शोधायचं, मग नाइलाजाने तिच्याकडे वळायचं. हेमा मात्र सरळ तिच्यासमोर येऊन बसली.

हेमा खाडीकाठच्या मोठागावची, कोळ्यांची पोर. काकाने घेऊन दिलेला कंपनीचा तयार कॉम्प्युटर तिने रिक्षात घालून आणला होता.

"ताई, ह्यात जागाच उरली नाय. कंपनीनेच कायकाय भरून दिलंय, गेम, नकाशे, इंग्लिश शिकवायचं. सगळं काढून टाका. पण आजीची गाणी तेवढी सांभाळा हां."

तिची आजी जनाबाई धवलारीण होती. ती लग्नाची गाणी, म्हणजे धवळे, गायला बसल्याशिवाय गावातल्या नवरीला हळद लागत नसे. ती थकत चालली तशी हेमाने तिच्यापुढे माइक धरून एकतीस धवळे भरून घेतले. पुढे महिन्याभरात जनाबाई गेली.

कांताने आधी एकतीसही गाणी दुकानाच्या मशीनवर उतरवून घेतली. ती ज्यात भरली होती तो रेकॉर्डरचा प्रोग्रामही तिने जागेवरच ठेवला. मग बाकीचं काढायला घेतलं. इंग्लिश शिकवणारा प्रोग्राम निघता निघता स्क्रीनवर प्रश्न आला. ही लायब्ररी फाइल दुसऱ्या एखाद्या प्रोग्रामच्या कामाची असू शकते, काढायची का? असले प्रश्न दिवसातून वीसदा यायचे. बाहेर गिऱ्हाइकं ताटकळत होती. तिने वाचलं न वाचलं आणि 'होय' दाबलं. वर मशीन पळावं म्हणून डिस्कवर विखुरलेल्या सगळ्या फाइली सलग लावून ठेवल्या.

दुसऱ्या दिवशी हेमा आली. मशीन झकास चालत होतं. तिने पहिलं गाणं लावलं, तर रेकॉर्डर उघडेचना.

"थांब, बघते," कांता म्हणाली. तिने दुसऱ्या प्रोग्राममध्ये लावून पाहिलं, दुकानाच्या मशीनवर लावून पाहिलं. कुठेच आवाज नाही. तेव्हा तिला कालचा तो प्रश्न आठवला. रेकॉर्डर गाणी आपल्याच पद्धतीने साठवायचा आणि त्यांचा पुन्हा आवाज करणारी फाइल नेमकी तीच होती, 'होय' दाबून काढलेली, रेकॉर्डर आणि इंग्लिशच्या प्रोग्रामात सामाईक. फाइली सलग लावताना तिच्या जागेवर दुसरंच काही लिहिलं गेलं होतं, त्यामुळे ती परतही आणता येईना.

"कंपनीची सीडी असेल ना घरी?"

"दिलीच नव्हती. आणि ती कंपनी तर बंद पडली."

नाथाशेठने कांताला आत बोलावलं. "सांग, फाइलीच आधीपासून खराब होत्या. तिला काय कळतंय?"

कांता बाहेर आली. "हेमा, माझ्या हातून झालं. न वाचता बटण दाबलं मी."

हेमा भांडली असती तर बरं झालं असतं. ती नुसती वायर गुंडाळत राहिली.

पुढचे चार महिने सुट्टीच्या दिवशी कांता ती फाइल मिळावी म्हणून त्याच कंपनीचं तसलंच मशीन शोधत कल्याण, ठाकुर्ली पालथं घालत होती. शेवटी शहाडला एका डॉक्टरकडे सापडलं. पण त्यांनी ते आल्या आल्याच साफ पुसून घेतलं होतं.

हे सांगायला ती मोठागावला गेली. हेमाचे आजोबा दामाजी ओटीवर जाळं विणत बसले होते. त्यांनी सगळं ऐकून घेतलं.

"म्हंजे गानी हायत, पन बोलत नाय?"

"हो बाबा."

"दाव बरं."

हेमाने कॉम्प्युटर लावला. स्क्रीनवर एकतीस नावांची यादी उभी राहिली. दामाजींना वाचता येत नव्हतं, म्हणून कांता एकेक नाव वाचू लागली. मांडवाचा धवळा. हळदीचा. तेलाचा. नवरी निघाली तेव्हाचा. दामाजी मान हलवत होते. मधेच त्यांनी हाताने तिला थांबवलं आणि हळदीचा धवळा स्वतःच धरला. आवाज घोगरा होता, पण चाल बरोबर होती. दोन ओळी झाल्या आणि तिसरीवर ते अडले. पुन्हा पहिल्यापासून म्हणून पाहिलं. पुन्हा तिथेच अडले.

"बायकांची गानी ती," ते म्हणाले. "आमी निस्ती आयकली. पाठ कदी केली नाय."

हेमा आत निघून गेली. कांताला उठावं की बसावं ते कळेना. दामाजींनी जाळं पुन्हा मांडीवर ओढलं आणि म्हणाले, "वाच, पोरी. अजून हायत ना?"

कांता पुढची नावं वाचू लागली.